काचेमागचे सर

आमचे सर तुम्हाला काचेच्या कोणत्या बाजूला भेटले, यावर तुमचं त्यांच्याबद्दलचं मत ठरायचं. अलीकडे भेटले असतील, तर इतका मऊ माणूस अख्ख्या नवी मुंबईत दुसरा नाही असं तुम्ही शपथेवर सांगाल. पलीकडे भेटले असतील, तर घरी जाऊन रात्रीचं जेवण गोड लागणार नाही. मी दोन्हीकडे भेटले आहे. पगार अलीकडचे सर द्यायचे आणि चुका पलीकडचे सर काढायचे.

ही काच म्हणजे मी काही अलंकारिक बोलतेय असं समजू नका. खरीखुरी काच होती. वाशीतली एक पतपेढी बंद पडली आणि तिचं सामान भंगारात निघालं, तेव्हा लोकांनी खुर्च्या नेल्या, कपाटं नेली, कोणी पंखेही नेले. सरांनी कॅश काउंटरची काच आणली. खाली पैसे सरकवायला अर्धगोल खाच असलेली, लाकडी चौकटीतली. ती त्यांनी आतल्या खोलीत टेबलावर उभी केली आणि खिळे ठोकून पक्की केली. बाहेरच्या खोलीत मी, संगणक, फायली आणि गिऱ्हाइकांचं बाकडं. खाली सुक्या मेव्याचं दुकान होतं, त्यामुळे आमच्या फायलींना कायम वेलदोड्याचा वास यायचा.

परदेशी जाणाऱ्यांच्या व्हिसाच्या फायली तयार करून द्यायच्या आणि वकिलातीतल्या मुलाखतीची तयारी करून घ्यायची, हा आमचा धंदा; त्या तयारीत काचेमागचा अधिकारी व्हायचे ते सर. तसे धंदे करणारे त्या इमारतीत आणखी दोघं होते. शेजारच्याच्या पाटीवर ‘शंभर टक्के खात्री’ असं लाल अक्षरात लिहिलं होतं. सरांनी आपल्या दारावर पाटी लावली होती, ‘येथे व्हिसाची खात्री दिली जात नाही.’ जिना चढून दमून आलेली माणसं ती पाटी वाचायची, एकमेकांकडे बघायची आणि शेजारी जायची. मी कितीदा म्हटलं, सर, निदान अक्षरं तरी बारीक करू या. त्यावर सरांनी पाटी धुऊन पुसून आणखी स्वच्छ केली.

माझी मुलाखतही काचेतूनच झाली. बी.कॉम. झाले होते, कामोठ्याहून आले होते, नवा ड्रेस घातला होता. पलीकडे टाय लावलेला, चष्मा काढून ठेवलेला एक दगडी चेहरा बसला होता. त्याने विचारलं, “ही नोकरी सोडून तुम्ही जाणार नाही कशावरून?”

मला राग आला. म्हटलं, “जाईन की. बँकेच्या परीक्षा देतेय. पास झाले की लगेच जाईन.”

तो माणूस उठला, टेबलाला वळसा घालून अलीकडे आला, येता येता त्याने टाय सैल केला आणि माझ्या हातात पाण्याचा ग्लास दिला. “उद्यापासून या,” म्हणाला. “चहा घेता ना?” मला वाटलं हा दुसराच कोणीतरी आहे.

वळसा घालून अलीकडे यायचं, पाणी द्यायचं, पाठीवर हात ठेवायचा, हा सरांचा रिवाज होता. आत त्यांनी माणसाला कितीही सोललेलं असो, त्याला तसंच बाहेर पाठवायचं नाही. मुलाकडे अमेरिकेला जाणारे आई-बाप, पहिल्यांदा विमानात बसणारी माणसं, आतून घाम पुसत यायची आणि पाणी प्यायल्यावर हसायची. सर म्हणायचे, “इथे घाबरून घ्या. तिथे मग भीती उरत नाही.”

आपल्या माणसांचा मोठा दोष कोणता, तर त्यांना एक विचारलं की ती दहा सांगतात. कामोठ्याचे एक निवृत्त गृहस्थ होते. सरांनी विचारलं, “मुलगा काय करतो?” तर त्यांनी मुलाच्या दहावीच्या मार्कांपासून सुरुवात केली. मधे मुलाला कावीळ झाली, मग कॉलेज बदललं, मग धाकट्या मेव्हण्याने कशी ओळख काढली, हे सगळं झालं. मुलगा नोकरीला लागेपर्यंत बाहेर बाकड्यावरच्या बाईंचा स्वेटर पाठीपर्यंत विणून झाला. सरांनी मधे एकदाही टोकलं नाही. शेवटी एवढंच म्हणाले, “वेळ संपली. पुढचे या.” आणि मग वळसा घालून पाणी घेऊन आले.

फीचा विषय निघाला की हमखास कटकट व्हायची. सर पहिल्याच भेटीत सगळा खर्च सांगून टाकायचे. वकिलातीची फी, अर्ज घेणाऱ्या केंद्राचे वेगळे, विमा, फोटो, आणि आमचे. मग लोक विचारायचे, “आणि नाही मिळाला तर? फी परत?”

“नाही.”

“हे काय हो? वस्तू नाही दिली तर पैसे कशाचे?”

“ही व्हिसाची किंमत नाही,” सर शांतपणे सांगायचे. “ही विचारायची किंमत आहे. परवानगी द्यायची की नाही हे त्यांनी ठरवायचं.” आणि माणूस सावरतो न सावरतो तोच पुढचं सांगायचे, “शिवाय व्हिसा मिळाला म्हणजे आत गेलात असं नाही. व्हिसा दारापर्यंत नेतो. तिथे उतरल्यावर दारावरचा माणूस परत विचारणार, कुठे चाललात, कोणाकडे, किती दिवस. त्याला पटलं तर आत.” एवढं ऐकून निम्मे लोक थंड पडायचे. मी टेबलाखालून सरांना खुणा करायचे, पुरे आता. पण गिऱ्हाइकाला अर्धवट अंधारात ठेवणं म्हणजे सरांना फसवणूक वाटायची. बायकांच्या पर्सही ते तपासायचे. कारण फायलीतले कागद बॅगेच्या तळाशी आणि लाडवांचा डबा हातात, अशीच प्रत्येकीची व्यवस्था असायची. “दारावर लाडू दाखवणार आहात का?” असं विचारून ते दोन्हीची अदलाबदल करायला लावायचे.

पण सगळ्या प्रश्नांचा राजा म्हणजे, “परत याल कशावरून?” वकिलातीला सगळ्यात जास्त काळजी असते ती हीच, की हा पाहुणा तिथेच ठाण मांडून बसेल. घर, नोकरी, निवृत्तिवेतन, नातवंडं, काय काय इथे आहे ते सांगावं लागतं. बेलापूरकडच्या गावातले एक आगरी काका आले होते. मुलगा अमेरिकेत. काकांच्या गळ्यात सोन्याची जाड साखळी आणि चेहऱ्यावर पूर्ण बेफिकिरी. सरांनी काचेतून दगडी आवाजात विचारलं, “परत याल कशावरून?”

काका खुर्चीतून पुढे वाकले. “आवो साहेब, परत नाय येनार त जानार कुठं? चैतात गावाची पालखी हाय. आमचे घरचा खांदा हाय पालखीला. मी नाय आलो त पालखी उठल का?”

सरांनी टाय काढला. बाहेर आले आणि पाणी-बिणी विसरून त्यांनी काकांना मिठीच मारली. “याला पुरावा म्हणतात,” मला ओरडून सांगितलं, “घराचे कागद ठेवा खाली, आधी पालखीचा फोटो लावा!” अधिकाऱ्याने तो फोटो बघितला की नाही देव जाणे, पण काका जाऊन आले. चैत्रात आम्हाला बोलावणं आलं आणि सरांनी त्या पालखीला खांदाही दिला. पांढऱ्या सदऱ्यावर गुलालाचे डाग घेऊन दुसऱ्या दिवशी ऑफिसात आले. ते डाग पुढे कधी गेले नाहीत.

हे सगळं मी हसत सांगतेय. पण ह्याच प्रश्नाने सरांचं घर दुभंगलं, तेही मी समोर उभं राहून पाहिलं आहे.

सरांना एकच मुलगी. हुशार, हसरी, तोंडाने फटकळ. खारघरच्या कॉलेजातून शिकली आणि पुढच्या शिक्षणाला जर्मनीत प्रवेश मिळवला. एक दिवस दुपारी ऑफिसात आली आणि म्हणाली, “बाबा, सगळ्या दुनियेची तयारी घेता. माझी पण घ्या ना.” सरांनी मुकाट्याने टाय लावला. मी आतल्या दाराशी उभी राहिले, कारण मला वाटलं मजा येणार.

सुरुवातीला आलीच. कुठला कोर्स, तोच का, खर्च कोण करणार, राहणार कुठे. पोरगी फटाफट उत्तरं देत होती, नेमकी, विचारलं तेवढीच. सर मान डोलवत नव्हते, पण मला त्यांच्या कानांवरून कळत होतं की ते खूश आहेत.

मग त्यांनी विचारलं, “शिक्षण झाल्यावर परत येणार?”

“हो.”

“कशावरून?”

“माझे आई-बाबा इथे आहेत.”

“खोटं,” सर म्हणाले.

तिला वाटलं हाही परीक्षेचाच भाग. ती हसली. “नाही, खरंच.”

“तुम्ही खोटं बोलताय. तुम्ही परत येणार नाही.” आवाज तोच होता, दगडी. पण फाइल त्यांनी शेवटचं पान न बघताच मिटली. “अर्ज नामंजूर.” आणि त्यांनी तिची फाइल खाचेतून बाहेर ढकलली.

बाहेर बाकड्यावर गिऱ्हाइकं बसली होती. सगळ्यांनी ऐकलं. ती तशीच बसून राहिली, वाट बघत. सर आता वळसा घालून येतील, पाणी देतील, पाठीवर हात ठेवतील. लहानपणापासून तिने ते पाहिलं होतं. सर आले नाहीत. काचेमागे बसून राहिले, तिच्याकडे न बघता. मग तिने फाइल उचलली आणि गेली. पुढची सगळी कागदपत्रं तिने शेजारच्या लाल पाटीवाल्याकडून करून घेतली. व्हिसा मिळाला, गेली. आईशी रोज बोलायची. वडिलांशी एक शब्द नाही.

मला तेव्हा सरांचा भयंकर राग आला होता. अजूनही थोडा आहे. लेकीने आपल्याला सोडून जाऊ नये असं वाटणं हा काही गुन्हा नाही. तसं घरी जेवताना सांगावं, रडून सांगावं. पण सरांना ते कधी जमलंच नाही. आपल्या पोटातला प्रश्न त्यांनी अधिकाऱ्याच्या तोंडून विचारला, आणि उत्तर आलं त्यावर विश्वास ठेवला नाही. नंतर त्यांनी तो प्रश्न कोणालाच विचारला नाही. तयारी घेताना त्याची पाळी आली की सर घसा खाकरत उठायचे, खिडकीशी जायचे, आणि मी त्यांच्या खुर्चीत बसून विचारायचे, “परत याल कशावरून?” गिऱ्हाइकांना वाटायचं, तशीच पद्धत असेल.

अशी काही वर्षं गेली. माझं लग्न झालं, बँकेच्या परीक्षा मी नियमाने नापास होत राहिले, आणि एक दिवस काकू ऑफिसात आल्या. काकू म्हणजे सरांची बायको. संगमेश्वराकडच्या. कधी जिना चढायच्या नाहीत, त्या दिवशी चढल्या. हातात मुलीने पाठवलेलं पत्र.

“लग्न ठरलं गो बाय तिचं,” मला म्हणाल्या. “तिथलाच मुलगा आहे. तिथेच करतायत, रजिस्टर.” डोळ्यांत आनंद होता आणि पत्र पुढे करताना हात अवघडला होता. त्या देशाचा नियमच आहे, नातेवाइकाकडे राहायचं तर नातेवाइकाचं निमंत्रणपत्र लागतं. कोणाला बोलावतोय, नातं काय, किती दिवस, सगळं त्यात लिहावं लागतं.

सरांनी चष्मा लावला. कुठल्याही गिऱ्हाइकाचं वाचावं तसं बोट फिरवत वाचलं. “नाव बरोबर. पासपोर्टचा नंबर बरोबर. नातं, आई. मुक्काम, नव्वद दिवसांपर्यंत. सही आहे.” पत्र उलटून मागे बघितलं. मागे काही नव्हतं. पत्रात एकाच माणसाचं नाव होतं. “पत्र अगदी व्यवस्थित आहे,” ते मला म्हणाले. “काकूंची फाइल उघडा.”

“मी एकटी नाही जायची,” काकू म्हणाल्या.

“एकटीला बोलावलंय.”

मला राहवेना. मी म्हटलं, “सर, तुम्हाला टुरिस्ट दाखवू या ना. हॉटेलचं बुकिंग करू, व्हिसा आला की कॅन्सल करू. टेन्शनच नाही. सगळे करतात.”

“मी काय बघायला चाललोय तिथे? किल्ले?”

“सर, कागदावर हो.”

“हेच विचारायला आलेल्या प्रत्येकाला मी नाही म्हटलंय. तुमच्यासमोर म्हटलंय. आता स्वतःला हो म्हणू?”

“मग फोन लावा तिला,” काकू म्हणाल्या. “सांगा मला पण पत्र पाठव.”

“निमंत्रण कोणी मागून घेतं काय गो?”

काकू इतकी वर्षं गप्प होत्या, ते सगळं त्या दिवशी बाहेर आलं. “रोज लोकांना काय सांगता तुम्ही? यजमानाचं पत्र नसेल तर मी फाइल घेत नाही. घेत नाही ना? मागायला लावता ना त्यांना? त्यांच्या सगळ्यांच्या सुना काय मायेने पत्रं पाठवतात? कितीजणांनी तुमच्यासमोर बसून फोन केलेत, मान खाली घालून. त्यांना लाज नव्हती? नियम लोकांनाच काय तो?”

बाकड्यावर एक म्हातारं जोडपं बसलं होतं, त्यांनाही कळलं की हे आपल्या कामाचं नाही, पण ती उठली नाहीत. मग सरांनी माझ्या टेबलावरचा फोन पुढे ओढला. आतल्या खोलीत गेले नाहीत. तिथेच, सगळ्यांच्या देखत लावला.

“मी बोलतोय,” म्हणाले. “तुझं पत्र बघितलं. चांगलं लिहिलंयस. काही सुधारायला नको.” त्यांनी फोनची वायर बोटाला गुंडाळली. “मला पण एक लागेल.”

मी स्टेपलरशी उगाच खेळत होते. काकूंनी पदर तोंडाला लावला होता.

“त्या दिवशी मी चुकलो,” सर म्हणाले. “तो प्रश्न अधिकाऱ्याने विचारायचा असतो. मी तुझा बाप होतो. मला विचारायचं होतं तर मी तुझ्या शेजारी बसून विचारायला हवं होतं. तू जाणार म्हणून मी धास्तावलो होतो. ती धास्ती मी तुझ्यावर काढली.” मग पलीकडून काहीतरी अगदी थोडं बोललं गेलं. सरांनी “हो” म्हटलं, “हो, स्पेलिंग तेच” म्हटलं आणि फोन ठेवला.

“काय म्हणाली?” काकूंनी विचारलं.

“पाठवते म्हणाली.”

बाकड्यावरच्या आजी उठल्या, कोपऱ्यातल्या माठातून त्यांनी पाणी काढलं आणि ग्लास सरांच्या हातात दिला. त्यांना आमच्या ऑफिसचा रिवाज काही माहीत नव्हता. पण सरांनी तो ग्लास दोन्ही हातांनी धरला आणि ते रडले.

पत्र आठवड्याच्या आत आलं. नातं, वडील. मुक्काम, नव्वद दिवसांपर्यंत. जसं आईचं, तसंच. मी काकूंचा अर्ज भरला. सरांनी स्वतःचा अर्ज स्वतः भरला, मला हात लावू दिला नाही. मी शेवटचं तपासायला घेतला आणि चमकले. मुक्कामाच्या रकान्यात पंधरा दिवस लिहिले होते.

“सर, पत्रात नव्वद आहेत.”

“आईच्या पत्रावरून उतरवलं असेल तिने. आकडा बदलायचा राहिला.”

“राहिला काय? नातं बरोबर बदललंय, नाव बदललंय.”

“मला लग्नापुरतं बोलावलंय,” सर म्हणाले. “मी मागितलं म्हणून बोलावलंय. पाहुण्याने किती राहायचं ते पाहुण्याला कळायला हवं.”

मी वाद घातला. अहो, नव्वद मागा, कमी राहिलात तर कोण विचारतंय? जितके राहणार तितकेच मागायचे, सर म्हणाले. आयुष्यभर लोकांना हेच सांगत आले होते, त्यामुळे मला पुढे बोलता येईना. पण मला ठाऊक होतं की हा नियम बोलत नाही, हा त्यांचा भिडस्त स्वभाव बोलतोय. आमच्याकडची किती माणसं अशीच. मुलाने राहा म्हटलं तरी परतीचं तिकीट दाखवत बसतात, आपण जड होऊ म्हणून. व्हिसा आले. काकूंच्या पासपोर्टवर नव्वद दिवस, सरांच्या पासपोर्टवर पंधरा. दोघं बरोबर गेले, आणि ऑफिस पहिल्यांदाच माझ्या एकटीच्या हातात राहिलं. काचेमागे बसून मी दोन जणांना रडवलं, असं सरांना आल्यावर कळलं तेव्हा ते म्हणाले, दोनच?

आले ते ठरल्याप्रमाणे एकटेच. पहिल्या दिवशी ऑफिसात नेहमीसारखे वेळेवर आले, पाटी पुसली, बसले. मी चहा दिला आणि समोर खुर्ची ओढली. म्हटलं, सगळं सांगा, गाळू नका.

विमानतळावर काही झालं नाही. दारावरच्या माणसाने दोनच प्रश्न विचारले. बाहेर मुलगी आणि होणारा जावई उभे होते. तिने आईला मिठी मारली, मग वडिलांना नमस्कार केला, बॅग घेतली. घरी गेल्यावर, पासपोर्ट एका जागी ठेवू या म्हणाली. व्हिसाच्या धंद्यातल्या घरात वाढलेली मुलगी, तिने ते उघडून बघितले. “आईला नव्वद आणि तुम्हाला पंधरा? कोणी केलं हे?”

“मी,” सर म्हणाले.

“मी तर दोघांनाही नव्वद लिहिले होते.”

“मला वाटलं, आईच्या पत्रावरून…”

“मी विचार करून लिहिलं होतं, बाबा.”

इथे सर थांबले आणि त्यांनी चहा संपवला. त्यानंतर तिथे काय झालं ते काही महिन्यांनी काकू आल्या तेव्हा मला कळलं. पोरगी तो पासपोर्ट हातात धरून जमिनीवर बसली आणि हमसून हमसून रडली. सरांनी एवढं गाळलं होतं.

सर पुढे सांगू लागले. तिने व्हिसाची मुदत वाढवून मिळते का ते बघायचं ठरवलं. सर म्हणाले, नाही मिळत. ती ऐकेना. लग्न झालं आणि दुसऱ्याच दिवशी ती वडिलांना घेऊन परदेशी लोकांचे व्हिसा बघणाऱ्या तिथल्या सरकारी ऑफिसात गेली. तिथल्या बाईंशी जर्मनमध्ये भांडायला लागली. त्या बाई बिचाऱ्या नम्रपणे सांगत होत्या, आजारपण असेल तर, विमानं बंद पडली तर, असं काही असेल तर बघू. सरांनी मागून तिची बाही ओढली. “चल गो,” म्हणाले. “आपण नियमात नाही. बापाची चूक हे कारण त्यात कुठेच नाही.”

“आणि ती हसली,” सर मला म्हणाले. “तिथेच, रांगेत. लहानपणी हसायची तशी. जर्मन लोक बघायला लागले. मग बाहेर येईपर्यंत तिने माझा हात धरला होता.”

सरांचं परतीचं तिकीट मुदत संपायच्या आदल्या दिवसाचं होतं. काही अडचण आली तर हाताशी एक दिवस असावा म्हणून ते सगळ्यांना तसंच काढायला लावत. मुलीने ते पाहिलं आणि पुन्हा तिचा पारा चढला. लॅपटॉप उघडला, विमान एका दिवसाने पुढे ढकललं. फरक भरावा लागेल, सर म्हणाले. भरते, ती म्हणाली. उद्या विमान चुकलं तर मी बेकायदा ठरेन, सर म्हणाले. मी सोडायला येते, ती म्हणाली, तुम्हाला हाताला धरून दारात उभं करते, पण हा दिवस मला पाहिजे.

“मग काय केलंत त्या दिवशी?” मी विचारलं. “फिरायला गेलात? काय बघितलंत?”

“काही नाही,” सर म्हणाले. “तिने रजा काढली होती. जावई कामाला गेला. काकू आत झोपल्या होत्या. ती स्वयंपाकघरात शेंगा सोलत बसली, मी समोर बसलो. तिथल्या शेंगा वेगळ्या असतात, जाड.” त्यांनी बोटांनी जाडी दाखवली. “मीही एक मूठ पुढ्यात ओढली. मग ती म्हणाली, बाबा, पुढच्या वेळेला तुमचा फॉर्म मी भरणार. तुम्ही हात लावायचा नाही.”

“आणि तुम्ही काय म्हणालात?”

खाली दुकानात कोणीतरी वेलदोडे पाखडत होतं. सर माझ्याकडे न बघता म्हणाले, “बरं म्हटलं.”